पाटीमागचा आवाज

आमच्या वस्तीतल्या विहारात दर रविवारी सकाळी अभ्यासिका भरते. अकरावी-बारावीच्या मुलांना हिशेब शिकवण्याचे काम आमच्याकडे आहे. गेल्या महिन्यात वर्ग सुटल्यावर बारावीतली एक मुलगी मागे रेंगाळली. वह्या छातीशी धरून म्हणाली, "काका, टीव्हीवर बातम्या देणारं व्हायचं असंल तर काय शिकावं लागतं?"

आम्ही उत्तर देणार तोच तिचे वडील तिला न्यायला आले. ते गोदामात हमालीचे काम करतात. प्रश्न ऐकून हसले आणि म्हणाले, "भाऊ, तुम्हीच समजावा तिला. ते काम आपल्यातल्यांचं न्हाई. तिथं चेहरा बघत्यात, भाषा बघत्यात. बारावी झाली की नर्सिंगला टाकतो." मुलगी काही बोलली नाही. 'पाणी'ला 'पानी' म्हणते म्हणून शाळेच्या संमेलनात तिला निवेदनातून काढले होते, हे आम्हाला नंतर तिच्या मैत्रिणीकडून कळले.

वडिलांचे म्हणणे आम्ही सहज खोडून काढू शकलो नाही. त्या माणसाने जग पाहिले आहे. आमच्या कार्यालयातही एकदा स्नेहसंमेलनाचे सूत्रसंचालन आम्ही लिहून दिले होते, आणि माईकसमोर मात्र दुसरेच उभे राहिले. "तुमचा मजकूर छान, पण आवाज त्यांचा बरा," असे साहेबांनी सांगितले होते. आम्ही मागच्या रांगेत बसून आपलीच वाक्ये ऐकली आणि टाळ्याही वाजवल्या.

म्हणून त्या मुलीला आणि तिच्या वडिलांना आज एका माणसाची हकिकत सांगायची आहे. हा माणूस आपल्या देशातला नव्हे, अमेरिकेतला. नाव मॅक्स रॉबिन्सन. तिथल्या राष्ट्रीय दूरचित्रवाणीवर रोजच्या संध्याकाळच्या बातम्या देणारे ते पहिले कृष्णवर्णीय निवेदक. त्यांची गोष्ट फक्त यशाची नाही. त्यांना जे मिळाले ते सांगू आणि त्यासाठी त्यांना जे मोजावे लागले तेही सांगू.

रिचमंडचे घर

मॅक्स यांचा जन्म १ मे १९३९ रोजी अमेरिकेच्या व्हर्जिनिया राज्यातल्या रिचमंड शहरात झाला. वडील तिथल्या आर्मस्ट्राँग हायस्कूलमध्ये शिक्षक आणि खेळांचे प्रशिक्षक होते. आईही शिक्षिका. दोन भाऊ आणि दोन बहिणी. घर शिकलेले होते, पण शिकलेल्या माणसालाही रंग सोडत नव्हता. शाळा काळ्यांच्या वेगळ्या आणि गोऱ्यांच्या वेगळ्या. बसमधल्या जागा, हॉटेल, बगीचा, पाणी पिण्याचे नळसुद्धा वेगळे. वेगळ्या पाणवठ्याचा अर्थ आमच्या वाचकांना समजावून सांगण्याची गरज नाही.

१९५४ साली अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला की रंगावरून शाळा वेगळ्या ठेवणे घटनेविरुद्ध आहे. व्हर्जिनियातल्या गोऱ्या पुढाऱ्यांनी तो मानला नाही. काळी मुले आत येणार असतील तर शाळाच बंद करू, असे ठरले. १९५८ साली नॉरफोक शहरातल्या गोऱ्यांच्या सहा शाळांना सरकारने टाळे लावले आणि हजारो मुले घरी बसली. प्रिन्स एडवर्ड जिल्ह्यात तर १९५९ पासून पाच वर्षे सरकारी शाळा बंद होत्या. दुसऱ्याच्या मुलाला शिकू द्यायचे नाही म्हणून आपल्या मुलांचीही शाळा बंद करणारी माणसे जगात असतात, हे यावरून ध्यानात येईल.

मॅक्स शाळेत हुशार होता. ओहायो राज्यातल्या ओबर्लिन कॉलेजात त्याला प्रवेश मिळाला. काळ्या विद्यार्थ्यांना १८३५ पासून दार उघडे ठेवणारे हे कॉलेज. तिथे पहिल्या वर्षाच्या वर्गाने त्याला अध्यक्ष निवडले. पण शिक्षण पुरे झाले नाही, दीड वर्षात कॉलेज सुटले. काही काळ तो हवाई दलात होता. तिथून रशियन भाषा शिकायला त्याला इंडियाना विद्यापीठात पाठवले गेले, पण प्रकृतीच्या कारणावरून ती नोकरीही सुटली. मग रेडिओवर गाणी लावण्याचे काम त्याने धरले. आवाज खर्जातला, भारदस्त. त्या आवाजावरच पुढचे सगळे आयुष्य उभे राहिले.

ती पाटी

१९५९ साली, वयाच्या विसाव्या वर्षी, मॅक्सने पोर्ट्समथ गावातल्या एका छोट्या दूरचित्रवाणी केंद्रावर बातम्या वाचण्याच्या जागेसाठी परीक्षा दिली. शाळांना टाळे लागलेल्या नॉरफोकच्या शेजारचे हे गाव. त्याचा आवाज आणि वाचन सगळ्यांत सरस ठरले, म्हणून जागा त्याला मिळाली.

पण अट अशी की त्याने वाचायचे आणि पडद्यावर त्याचा चेहरा दिसायचा नाही. बातम्या सुरू झाल्या की पडद्यावर केंद्राच्या नावाची पाटी लागायची आणि तिच्यामागून मॅक्सचा आवाज यायचा. घरात बसलेल्या गोऱ्या माणसाला आवाज आवडायचा. तो कोणाचा आहे हे त्याला ठाऊक नव्हते, आणि ठाऊक होऊ नये अशीच व्यवस्था होती.

मॅक्सच्या घरच्यांना आणि मित्रांना मोठी हौस. आपला मुलगा टीव्हीवर लागला म्हणून ते बातम्या लावायचे आणि पाटी बघत बसायचे. एके रात्री मॅक्सने पाटी काढायला लावली. आपल्या माणसांनी आपल्याला एकदा तरी बघावे, एवढाच हेतू होता, असे पुढे त्यानेच सांगितले. त्या रात्री पडद्यावर त्याचा चेहरा दिसला. दुसऱ्या दिवशी त्याची नोकरी गेली.

एका तरुणाला आलेला हा एकट्याचा अनुभव नव्हता. त्या काळी दक्षिणेतल्या अनेक केंद्रांचा कारभारच असा होता. मिसिसिपी राज्यातल्या जॅक्सन शहराचे डब्ल्यूएलबीटी हे केंद्र त्यासाठी बदनाम झाले. १९५५ साली काळ्यांचे नामांकित वकील थर्गूड मार्शल राष्ट्रीय कार्यक्रमात बोलायला आले, तेव्हा या केंद्राने प्रक्षेपण तोडले आणि केबल बिघडल्याची दिलगिरीची पाटी लावली. केबलला काहीही झाले नव्हते. तिथल्या काळ्या नागरिकांनी आणि एका चर्चच्या संस्थेने केंद्राविरुद्ध तक्रार केली. केंद्र काय दाखवते आणि काय दाखवत नाही, याच्या नोंदी प्रेक्षकांनी घरी बसून, वेळ लिहून, गुपचूप ठेवल्या. त्या नोंदी पुरावा म्हणून पुढे आल्या. अनेक वर्षे भांडण चालले. १९६९ साली न्यायालयाने केंद्राचा परवाना रद्द ठरवला आणि १९७२ साली त्याच केंद्राचा व्यवस्थापक म्हणून विल्यम डिल्डे हे कृष्णवर्णीय गृहस्थ बसले.

घरी बसून वहीत नोंदी ठेवणारी ती माणसे आम्हा कारकून मंडळींना फार जवळची वाटतात. मोर्चा लागतो, तशी वहीही लागते.

वॉशिंग्टनची वर्षे

१९६५ साली रॉबिन्सन राजधानी वॉशिंग्टनला आले. सुरुवात पडेल ते काम करण्यापासून झाली. मग बातमीदार झाले. ४ एप्रिल १९६८ रोजी डॉ. मार्टिन ल्यूथर किंग यांचा खून झाला आणि वॉशिंग्टन पेटले. तेव्हा काळ्यांच्या वस्तीत जाऊन, लोकांशी बोलून बातमी आणणारे जे थोडे होते त्यांत रॉबिन्सन होते. अॅनाकोस्टिया या राजधानीतल्याच गरीब भागावर त्यांनी 'द अदर वॉशिंग्टन' हा माहितीपट केला. 'दुसरे वॉशिंग्टन' असा त्याचा अर्थ. तो गाजला आणि त्याला एमी पुरस्कारही मिळाले.

त्याच वर्षी राष्ट्राध्यक्ष जॉन्सन यांनी नेमलेल्या कर्नर आयोगाचा अहवाल आला. शहरांत दंगली का होतात हे शोधण्याचे काम या आयोगाकडे होते. त्याने वर्तमानपत्रांना आणि दूरचित्रवाणीलाही दोष दिला. बातम्या गोऱ्या माणसाच्या नजरेतून दिल्या जातात, काळ्यांचे रोजचे जगणे त्यांत कुठेच नसते आणि बातमीच्या खोलीत काळी माणसे जवळजवळ नाहीतच, असे आयोगाने बजावले. त्यानंतर दारे थोडी किलकिली झाली.

१९६९ साली डब्ल्यूटीओपी या केंद्राने रॉबिन्सन यांना निवेदकाच्या खुर्चीवर बसवले. पुढे गॉर्डन पीटरसन या गोऱ्या सहकाऱ्याबरोबर त्यांची जोडी जमली. एवढ्या मोठ्या शहरात रोज संध्याकाळी काळा माणूस बातम्या देताना दिसणे ही नवी गोष्ट होती. १९७० च्या जनगणनेत वॉशिंग्टनच्या शंभर रहिवाशांत सत्तरावर कृष्णवर्णीय होते. त्यांच्या घरातली मुले तो चेहरा बघत वाढली.

रॉबिन्सन एकट्याने वर गेले नाहीत. १२ डिसेंबर १९७५ रोजी वॉशिंग्टनमध्ये ४४ कृष्णवर्णीय पत्रकार एकत्र आले आणि त्यांनी आपली राष्ट्रीय संघटना स्थापन केली. संस्थापकांत रॉबिन्सन यांचे नाव आहे. ती संघटना आजही चालू आहे.

तीन खुर्च्या

त्या काळी अमेरिकेत तीन मोठ्या दूरचित्रवाणी कंपन्या होत्या. त्यांपैकी एबीसी ही बातम्यांत मागे पडलेली. रून आर्लेज या तिच्या वृत्तप्रमुखाने नवा बेत आखला. एका निवेदकाऐवजी तीन शहरांत तीन निवेदक बसवायचे. वॉशिंग्टनला फ्रँक रेनॉल्ड्स, लंडनला पीटर जेनिंग्ज आणि देशातल्या बातम्यांसाठी शिकागोला मॅक्स रॉबिन्सन. १० जुलै १९७८ रोजी 'वर्ल्ड न्यूज टुनाइट' हा कार्यक्रम या रूपात सुरू झाला. पोर्ट्समथला पाटीमागे बसवलेला मुलगा १९ वर्षांनी साऱ्या देशाच्या पडद्यावर आला.

ही बातमी त्या वेळी काळ्यांच्या घरांत किती आनंदाची असेल, याची कल्पना आपण करू शकतो. आमच्या लहानपणी चाळीत एकच टीव्ही होता. संध्याकाळच्या मराठी बातम्या लागल्या की दारात चपलांचा ढीग पडायचा. खालचा आवाज बंद, वरचा आवाज बंद, सगळे निवेदकाच्या तोंडाकडे बघायचे. तो माणूस आपल्यातला असेल असे मनातसुद्धा यायचे नाही. तिकडे ते एकदा प्रत्यक्षात झाले होते.

आता थोडे या कामाविषयी, कारण मुलीने तेच विचारले आहे. निवेदक म्हणजे फक्त चेहरा आणि आवाज नव्हे. बातमी आधी कोणीतरी निवडतो. पहिली कोणती, शेवटची कोणती, कोणती टाकूनच द्यायची, हे आत बसलेला माणूस ठरवतो. मग ती लिहिली जाते आणि निवेदकाच्या समोरच्या काचेवर ओळी सरकतात त्या तो वाचतो. अमेरिकेतल्या मोठ्या निवेदकाला या निवडीतही वजन असते. देशात काही मोठे घडले की कॅमेऱ्यासमोर तासन् तास बसून कोणी बोलायचे, यावरून त्याचे वजन कळते.

इथेच रॉबिन्सन यांचे दुखणे होते. खुर्ची मिळाली, पण मोठ्या प्रसंगी ती मागे सरकवली जायची. २० जानेवारी १९८१ या एकाच दिवशी दोन घटना घडल्या. रोनाल्ड रेगन राष्ट्राध्यक्ष झाले आणि इराणमध्ये ओलीस ठेवलेले ५२ अमेरिकन सुटले. वर्षातला सर्वांत मोठा वृत्तदिवस. त्या दिवशीच्या विशेष प्रक्षेपणात रॉबिन्सन यांना जागा मिळाली नाही. विसाव्या वर्षी त्यांचा आवाज घेतला आणि चेहरा झाकला. चाळिशीत चेहरा दाखवला आणि निर्णयाच्या वेळी बाहेर ठेवले.

बोलल्याची किंमत

१९८१ च्या फेब्रुवारीत रॉबिन्सन स्मिथ कॉलेजमध्ये भाषणाला गेले आणि मनातले बोलले. दूरचित्रवाणीचा आरसा गोऱ्यांच्या हातातला आहे आणि तो वाकडा आहे, या अर्थाचे ते भाषण होते. त्या दिवशी आपल्याला का वगळले, हेही त्यांनी विचारले. बातमी देशभर झाली. आर्लेज यांनी त्यांना बोलावून घेतले. आपल्याला एकट्या एबीसीला दोष द्यायचा नव्हता, असा खुलासा रॉबिन्सन यांना करावा लागला. नोकरी राहिली, पण संबंध पूर्वीचे राहिले नाहीत.

नोकरी करणाऱ्या प्रत्येकाला हा प्रसंग कळेल. बोलावे तर साहेबाच्या डोळ्यांत येतो. न बोलावे तर वस्तीतली माणसे म्हणतात, खुर्ची मिळाली आणि हा आपल्याला विसरला. रॉबिन्सन यांच्यावर दोन्हीकडून ओझे होते. काळ्या प्रेक्षकांना वाटे की याने आपली बाजू मांडावी. कंपनीला वाटे की याने दिलेले वाचावे. चूक झाली तर ती एकट्या रॉबिन्सन यांची ठरणार नव्हती, पुढच्या दहा काळ्या उमेदवारांच्या वाटेत ती आडवी येणार होती. पहिल्या माणसाचे हे दुःख असते.

घसरण

पुढची गोष्ट सांगायला जड जाते, पण लपवून उपयोग नाही. रॉबिन्सन दारूत गुंतत गेले. मन खचण्याचा आजार होता. कामावर वेळेवर न येणे, न सांगता गैरहजर राहणे सुरू झाले. २० जुलै १९८३ रोजी सहकारी फ्रँक रेनॉल्ड्स वारले. त्यांच्या अंत्यविधीला राष्ट्राध्यक्षांच्या पत्नी नॅन्सी रेगन यांच्या शेजारी रॉबिन्सन यांची जागा ठेवलेली होती. ते गेलेच नाहीत. त्यानंतर मुख्य कार्यक्रम एकट्या पीटर जेनिंग्ज यांच्याकडे गेला आणि रॉबिन्सन यांच्याकडे शनिवार-रविवारच्या आणि मधल्या छोट्या बातम्या राहिल्या. १९८४ साली त्यांनी एबीसी सोडली आणि शिकागोच्या एका स्थानिक केंद्रावर गेले. तेही १९८५ मध्ये सुटले. व्यसनावर उपचार झाले. तीन लग्ने झाली आणि मोडली. चार मुले होती.

यात अन्यायाचा वाटा किती आणि स्वतःच्या वागण्याचा किती, याचा हिशेब आम्ही मांडणार नाही. दोन्ही खरे आहेत. खोलीत पाऊल टाकल्यावर रोज स्वतःला सिद्ध करावे लागते, तेव्हा माणूस आतून झिजतो. आणि दारूने ती झीज भरून निघत नाही, उलट वाढते. आमच्या पाहण्यातले एक गृहस्थ आहेत. वस्तीतले पहिले अधिकारी. कार्यालयात डबा खायला कोणी शेजारी बसायचे नाही आणि वस्तीत आले की लोक 'साहेब' म्हणून चार हात दूर राहायचे. दोन्हीकडे एकटे पडले. संध्याकाळी बाटली सोबतीला आली. कामावर घरच्यासारखे विचारणारे कोणी असते तर कदाचित वाचले असते. आपण पहिल्या माणसाचा सत्कार करतो, शाल देतो, फोटो काढतो. सत्कारानंतर त्याच्या घरी चहाला जात नाही. हा दोष आपला आहे.

जाता जाता केलेले काम

१९८८ मध्ये रॉबिन्सन यांना न्यूमोनिया झाला. तपासणीत एड्स निघाला. त्या वेळी या रोगावर धड औषध नव्हते आणि बदनामी मात्र भरपूर होती. त्यांनी ते मोजक्याच माणसांना सांगितले. त्या शरदात वॉशिंग्टनच्या हॉवर्ड विद्यापीठात, म्हणजे १८६७ साली काळ्यांच्या शिक्षणासाठी निघालेल्या विद्यापीठात, पत्रकारितेच्या विद्यार्थ्यांसमोर त्यांनी भाषण केले. ते त्यांचे शेवटचे जाहीर भाषण. २० डिसेंबर १९८८ रोजी त्याच विद्यापीठाच्या इस्पितळात त्यांचे निधन झाले. वय ४९.

जिवंतपणी जे लपवले ते मेल्यावर लपवू नका, असे त्यांनी सांगून ठेवले होते. त्यांचे मित्र रॉजर विल्किन्स यांनी कुटुंबाच्या वतीने जाहीर केले की मृत्यू एड्सने झाला, आणि यातून लोकांनी, विशेषतः कृष्णवर्णीयांनी, या रोगाची माहिती करून घ्यावी अशी रॉबिन्सन यांची इच्छा होती. साऱ्या आयुष्यात लोकांना बातमी दिली, आणि शेवटची बातमी स्वतःच्या मरणाची दिली. चार वर्षांनी, १९९२ साली, त्याच रिचमंडच्या मातीतले टेनिसपटू आर्थर अॅश यांनी रक्त चढवताना आपल्याला हा रोग झाल्याचे जाहीर केले.

आज हा रोग १९८८ चा राहिलेला नाही. १९९६ पासून औषधे एकत्र देण्याची पद्धत आली आणि माणसे गोळ्या घेऊन वर्षानुवर्षे काम करतात, संसार करतात. आपल्याकडे २००४ पासून सरकारी इस्पितळांत ही औषधे फुकट मिळतात. २०१७ च्या कायद्याने अशा रुग्णाला भेदभावाने नोकरीतून काढण्यास, शाळेतून काढण्यास मनाई केली आहे. चौकशीसाठी १०९७ हा फुकटचा फोन आहे. तरीही वस्तीत आपण अजून कुजबुजतोच. रॉबिन्सन कोणत्या मार्गाने आजारी पडले, असा प्रश्न कोणाच्या मनात आला असेल तर तोच बाजूला ठेवायला आपण शिकले पाहिजे.

त्यांच्या धाकट्या भावाचा उल्लेख इथे केलाच पाहिजे. रँडल रॉबिन्सन वकील झाले. १९७७ साली 'ट्रान्सआफ्रिका' ही संस्था काढली. दक्षिण आफ्रिकेतल्या वर्णद्वेषी राजवटीविरुद्ध १९८४ च्या नोव्हेंबरमध्ये वॉशिंग्टनच्या तिच्या वकिलातीत जाऊन त्यांनी ठिय्या दिला आणि अटक करून घेतली. ते आंदोलन वर्षभर पेटले. १९८६ साली अमेरिकेच्या संसदेने राष्ट्राध्यक्ष रेगन यांचा नकार डावलून दक्षिण आफ्रिकेवर निर्बंध घातले. एकाच घरातल्या एका मुलाने पडदा गाठला आणि दुसऱ्याने रस्ता. रँडल २०२३ मध्ये वारले.

आपल्याकडचा पडदा

मॅक्स रॉबिन्सन यांच्यानंतर वाट बंद झाली नाही. पण रोजच्या राष्ट्रीय बातम्यांच्या खुर्चीवर एकटा कायमचा बसणारा पहिला कृष्णवर्णीय निवेदक यायला २०१५ साल उजाडले. त्यांचे नाव लेस्टर होल्ट. एनबीसीच्या त्या खुर्चीवर ते २०२५ पर्यंत होते. १९७८ ते २०१५ म्हणजे ३७ वर्षे.

या गोष्टीचा एक धागा आपल्या देशापर्यंत येतो. १९९६ साली केनेथ कूपर हे कृष्णवर्णीय पत्रकार 'वॉशिंग्टन पोस्ट'चे प्रतिनिधी म्हणून दिल्लीत होते. त्यांना एखाद्या दलित पत्रकाराशी बोलायचे होते. त्यांनी बी. एन. उनियाल या ज्येष्ठ पत्रकाराला विचारले. उनियाल यांनी शोधले, फोन केले, विचारणा केली, आणि राजधानीत त्यांना एकही सापडला नाही. आपल्या तीस वर्षांच्या पत्रकारितेत आपल्याला हा प्रश्न कधी पडलाच नाही, याची त्यांना लाज वाटली आणि 'पायोनियर'मध्ये त्यांनी तसा लेख लिहिला. पाटीमागे बसवलेल्यांच्या वारसाने येऊन विचारले तेव्हा आपल्याकडे पाटीमागेसुद्धा कोणी नाही हे उघड झाले.

२०१९ साली ऑक्सफॅम इंडिया आणि न्यूजलाँड्री यांनी पाहणी केली. वृत्तसंस्थांतल्या वरच्या १२१ जागांपैकी १०६ जागांवर सवर्ण होते. दलित वा आदिवासी एकही नव्हता. हिंदी वाहिन्यांवर चर्चा घेणारे ४० आणि इंग्रजीवरचे ४७ निवेदक तपासले, त्यांतही दलित, आदिवासी वा ओबीसी कोणी सापडला नाही. म्हणजे त्या हमाल भावाने जे अनुभवाने सांगितले तेच आकड्यांनी सांगितले. पण १९२० साली बाबासाहेबांनी 'मूकनायक' काढले तेव्हा आकडे काही बरे नव्हते. २०२१ साली मीना कोतवाल या पत्रकार मुलीने त्याच नावाने स्वतःचे वृत्तमाध्यम सुरू केले. आज तर मोबाईलवरही बातमी देता येते, कोणाची पाटी आड येत नाही.

मुलीला उत्तर

तर बाळ, तुझ्या प्रश्नाचे उत्तर असे. 'न' आणि 'ण' हा जन्माचा प्रश्न नाही, जिभेच्या सवयीचा आहे. रोज अर्धा तास वर्तमानपत्र मोठ्याने वाच, दोन-तीन महिन्यांत जीभ वळेल. घरी आईशी मात्र 'पानी'च म्हण, त्यात कमीपणा काही नाही. एक भाषा कमवायची म्हणून दुसरी टाकायची नसते. बारावीनंतर कोणतीही पदवी घे. मग पुण्याचे रानडे इन्स्टिट्यूट आहे, मुंबई विद्यापीठात पत्रकारितेचा विभाग आहे. मॅट्रिकोत्तर शिष्यवृत्तीचा अर्ज वेळेत भरू, कागदपत्रांचे आमच्याकडे लागले. आकाशवाणी अधूनमधून निवेदकांसाठी आवाजाची चाचणी घेते, ती देऊन बघ. आणि नुसती वाचायला शिकू नकोस. बातमी लिहायला शीक, निवडायला शीक. खुर्चीवर बसशील तेव्हा आतल्या खोलीतही तुझा शब्द चालला पाहिजे.

वडिलांना आमची विनंती एवढीच की तिला अडवू नका आणि एकटीही सोडू नका. नर्सिंग चांगलेच आहे, तिचे मन असेल तर जरूर करावे. पण 'आपल्यातल्यांचे नाही' हे कारण घरातून निघू नये. ते सांगायला बाहेर पुष्कळ माणसे आहेत. ती पुढे गेली तर आठवड्यातून एकदा फोन करून 'जेवलीस का' एवढे विचारा. मॅक्स रॉबिन्सन यांच्याकडे आवाज होता, बुद्धी होती, नाव होते. संध्याकाळी घरी परतल्यावर असे विचारणारे माणूस कमी पडले, असे आम्हाला वाटते.

मागच्या रविवारी त्या मुलीने अभ्यासिकेत आठवड्याच्या बातम्या वाचून दाखवल्या. वस्तीतला नळ, शिष्यवृत्तीची शेवटची तारीख, गिरणीच्या जागेचा निकाल, एवढे तिनेच निवडले होते आणि लिहिलेही होते. दोन ठिकाणी अडखळली, एके ठिकाणी 'लोनी' म्हणाली, कोणी हसले नाही. वडील दाराशी उभे राहून ऐकत होते. आता दर रविवारी हे चालणार आहे. आमच्या वाचकांनी आपापल्या विहारात असा उपक्रम सुरू करून पाहावा आणि कसा चालला ते आम्हाला अवश्य कळवावे.